भाचीला टीव्हीवर खेळांची बातमीदार व्हायचंय, घरातून विरोध आहे

मिरजेची मावशी:
माझी भाची सांगलीत बीएच्या दुसऱ्या वर्षाला आहे. २०२३ ला सांगलीत पहिली महिला महाराष्ट्र केसरी स्पर्धा झाली, आपल्या प्रतीक्षा बागडीनं किताब मारला, तेव्हा ही बघायला गेली होती. तेव्हापासून टीव्हीवर खेळांच्या बातम्या द्यायच्या एवढंच डोक्यात. भावोजी म्हणतात, पोरगी माइक घेऊन पुरुषांच्या मैदानावर फिरणार, हे कुठं चालतं का? त्यांना दाखवायला या कामात नाव काढलेली कुणी बाई सांगाल का?

कऱ्हाडची बातमीदार:
ताई, त्यांना लेस्ली व्हिसरची गोष्ट सांगा. १९७४ ला ती बॉस्टन ग्लोब या वर्तमानपत्रात लागली. १९७६ ला तिच्याकडे न्यू इंग्लंड पेट्रियट्स या अमेरिकन फुटबॉलच्या संघाच्या बातम्या दिल्या. एनएफएल या तिथल्या लीगमधल्या संघाच्या बातम्या कायम देणारी ती पहिली बाई. आणि पत्रकाराचा पास हातात पडला तर त्यावरच छापलेलं, प्रेस बॉक्समध्ये, म्हणजे पत्रकारांच्या कक्षात, बायका-मुलांना प्रवेश नाही! खेळाडूंच्या खोलीतही मज्जाव. मग ही पार्किंगमध्ये उभी राहायची आणि गाडीकडे निघालेल्या खेळाडूंना गाठायची. बाकीचे आत बसून बोलून घेणार, ही बाहेर ताटकळणार, पण बातमी सगळ्यांबरोबरच द्यायची. मला तिचं हे सगळ्यात मोठं वाटतं.

पुढं १९८४ ला सीबीएस वाहिनी. १९९२ ला सुपर बोलचा, म्हणजे त्या लीगच्या अंतिम सामन्याचा, चषक देण्याचा कार्यक्रम तिनं सांभाळला, तोवर ते काम बाईकडे आलं नव्हतं. २००६ ला या फुटबॉलमधल्या दिग्गजांचा मान करणाऱ्या हॉल ऑफ फेमनं गौरव केला, तोही कुठल्याही बाईचा पहिलाच.

मी केबलच्या चॅनेलसाठी कुस्तीची मैदानं केलीत. एका यात्रेत संयोजकांनी मला आखाड्याजवळ येऊ दिलं नाही. मी पैलवान अंघोळीला जातात त्या वाटेवर थांबले, तिथंच बाइट, म्हणजे कॅमेऱ्यासमोरची प्रतिक्रिया, मिळाला. भाचीला एकच सांगेन, ‘कसं वाटतंय?’ कधी विचारू नकोस. अंगाची माती अजून ओली असते, छाती भात्यासारखी हलत असते, तो ‘चांगलं वाटतंय’ म्हणतो आणि संपलं. त्यापेक्षा विचार, ‘पट काढताना, म्हणजे पाय धरायला जाताना, समोरच्यानं हात सोडला, ते तुम्ही हेरलं होतं का?’ मग पैलवान खुलतो, उभ्या उभ्या डाव करून दाखवतो. पण त्यासाठी डाव ओळखता आले पाहिजेत.

साताऱ्याचे क्रीडाशिक्षक:
अमेरिकेचं उदाहरण भावोजींना लांबचं वाटेल. भारताचे पहिले कसोटी कर्णधार सी. के. नायडूंच्या कन्या चंद्रा नायडू यांचं सांगा. १९७७ ला इंदूरला मुंबई विरुद्ध एमसीसी (इंग्लंडचा दौऱ्यावर आलेला संघ) या क्रिकेट सामन्याचं हिंदी समालोचन त्यांनी केलं. आपल्याकडच्या पहिल्या महिला समालोचक त्या. इंग्रजीच्या प्राध्यापक होत्या.

कऱ्हाडची बातमीदार:
सर, जरूर सांगावं. फक्त त्यांच्या घरातच क्रिकेट होतं. व्हिसरला तसा घरचा वारसा नव्हता, भाचीलाही नाही, म्हणून मी ती निवडली.

मिरजेची मावशी:
दोन्ही वाचून दाखवलं. भावोजी अजून हो म्हणाले नाहीत, पण कॅमेरा केवढ्याला येतो, विचारत होते.

कऱ्हाडची बातमीदार:
कॅमेरा आत्ता नको, मोबाइल पुरे. कॉलर माइक तेवढा घ्या. हलगी सुरू झाली की मोबाइलला माणसाचा आवाज येत नाही.