लोकी सीझन २ : थ्रूपुट मल्टिप्लायर नीट बसला तरी टेम्पोरल लूम वाचलं का नाही?

पावसाळी_ढग
स्पॉयलर आहेत, शेवटचा एपिसोड बघितला नसेल त्यांनी पुढे वाचू नका.
मार्व्हलची ही सिरीज २०२३ मध्ये दर आठवड्याला एक एपिसोड अशी बघितली होती त्यामुळे नीट लिंक लागली नव्हती, आता सहाही सलग बघितले आणि एकच गोष्ट डोक्यात अडकलीय. पहिल्या सीझनच्या शेवटी सिल्व्ही (लोकीचंच दुसऱ्या टाइमलाइनमधलं स्त्रीरूप) ‘ही हू रिमेन्स’ला, म्हणजे एकच टाइमलाइन टिकवून ठेवणाऱ्या माणसाला, मारते, टाइमलाइनला धडाधड ब्रँचेस फुटतात, कच्च्या काळापासून टाइमलाइन बनवणारं लूम ओव्हरलोड होतं, इथपर्यंत ठीक. मग टीव्हीए म्हणजे टाइमलाइन सांभाळणाऱ्या संस्थेतला तंत्रज्ञ ओबी आणि जुन्या काळातला संशोधक व्हिक्टर टाइमली मिळून लूमची क्षमता वाढवणारा मल्टिप्लायर बनवतात. चौथ्या एपिसोडमध्ये टाइमली तो घेऊन बाहेर पाऊल टाकतो आणि रेडिएशनमध्ये त्याच्या शेवया होतात, तेव्हा मला वाटलं सगळा प्रॉब्लेम वेळेत पोचण्याचा आहे. पण सहाव्यात लोकी परत परत मागे जातो, कित्येक शतकं घालवून ओबीला येतं ते सगळं फिजिक्स शिकतो, टाइमली शेवटी पोचतो, मल्टिप्लायर बसतो, आणि तरी लूम जातंच. मग डिझाइन चुकलं होतं की काय? कोणीतरी नीट समजावा.

गणितवेडी
डिझाइन बरोबरच होतं, मागणीच पूर्ण न होणारी होती. लूमची क्षमता दहापट करा, लाखपट करा, ती मर्यादितच राहणार. ब्रँचेस मात्र थांबत नाहीत, प्रत्येक ब्रँचमधून नव्या फुटतात आणि त्या नव्यांमधून परत फुटतात. टाइमली स्वतःच सांगतो की अनंतासाठी यंत्र मोठं करता येत नाही, पण तो सीन इतका घाईत आहे की वाक्य कानावरून जातं. आणि म्हणूनच ती शतकांची मेहनत मला फार लागली, कारण लोकी स्पीड वाढवत राहिला, हाताची सफाई वाढवत राहिला आणि मूळ गणित मात्र पहिल्या दिवसापासून सुटणारं नव्हतंच.

वायरमन_भाऊ
गणितवेडी ताई बरोबर आहेत, पण त्याच एपिसोडमध्ये त्याच्याही पुढचं आहे. ही हू रिमेन्स लोकीला सरळ सांगतो की लूम हे फेलसेफ आहे. म्हणजे ओव्हरलोड झाल्यावर ते बिघडत नाही, त्याला जे करायला बनवलंय तेच करतं, नको असलेल्या ब्रँचेस पुसून टाकतं आणि सेक्रेड टाइमलाइन, म्हणजे त्याने ठरवलेली एकच टाइमलाइन, तेवढी वाचवतं. मी इलेक्ट्रिकलचं काम करतो, घरात एसी, गीझर, इस्त्री एकदम चालू केली आणि एमसीबी पडला तर एमसीबी खराब असं आम्ही म्हणत नाही, तो वायरिंग वाचवायला बसवलेला असतो, गीझरवर कोण आंघोळीला थांबलंय याच्याशी त्याला देणंघेणं नाही. ओबीला हे माहीतच नव्हतं. तो बिचारा रिपेअर डिपार्टमेंटमध्ये एकटा बसून इमानेइतबारे नटबोल्ट आवळत राहिला, पण ते यंत्र कोणाला वाचवायला बनवलंय हे त्याला कोणी सांगितलंच नाही. मला खरा राग ह्या गोष्टीचा येतो.

निळीशाई
सगळे लूमवरच बोलताय पण माझ्या मते ह्या सीझनमधलं काळ दुरुस्त करणारं खरं यंत्र एकच, पहिल्या एपिसोडमधला टेम्पोरल ऑरा एक्स्ट्रॅक्टर, काळात भरकटलेल्याला वर्तमानात ओढून आणणारा. कारण ते एका माणसासाठी बनवलंय आणि ते चालतं! लोकी काळात सारखा मागेपुढे घसरतोय, भूतकाळात जाऊन तो ओबीला आपली अडचण सांगतो आणि त्याच वेळी वर्तमानात लोकीचा टीव्हीएमधला मित्र मोबियस ओबीसमोर उभा आहे. तिकडे बोलणं चाललंय तसतसं इकडे ओबीला आठवत जातं की अरे हो, आपण असं काहीतरी बनवलं होतं, आणि तो वस्तू काढून हातात देतो. मी तो सीन कितीदा बघितलाय सांगता येणार नाही. मग मोबियस तो जाडजूड सूट घालून लूमपर्यंत चालत जातो आणि लोकीने नेमक्या क्षणी स्वतःला प्रून करायचं, म्हणजे टाइमलाइनवरून पुसायचं असतं. एकाने जरा उशीर केला तरी दुसरा गेला. दुरुस्ती म्हणजे मला हे वाटतं, कोणीतरी कोणासाठी तरी चालत जातंय.
टीव्हीएच्या गाइडबुकचंही बघा, ते लिहिलंय ओबीने, १८६८ मध्ये ते लहानग्या टाइमलीच्या खिडकीतून आत टाकलं जातं, त्यावरून तो १८९३ च्या शिकागोच्या प्रदर्शनात आपलं यंत्र दाखवतो आणि ओबी त्याच टाइमलीच्या कामावरून शिकलाय. सुरुवात कुठेच नाही. ओबीचं पूर्ण नाव ओरोबोरोस, म्हणजे स्वतःचीच शेपूट गिळणारा साप, उगाच ठेवलेलं नाही.

पावसाळी_ढग
वायरमन भाऊ, फेलसेफचं डोक्यात आलंच नव्हतं, मी ते वाक्य फक्त धमकी म्हणून ऐकलं होतं. मग आता दुसरा प्रश्न, लूम वाचवण्यात अर्थच नव्हता तर लोकीने सरळ मागे जाऊन सिल्व्हीलाच थांबवायचं होतं ना?

गणितवेडी
तेही करतो की. लूमचा नाद सोडल्यावर तो थेट त्या क्षणी जातो आणि तिला परत परत अडवतो, ती ऐकत नाही, आणि शेवटी त्याच्या लक्षात येतं की तिला मारल्याशिवाय ती थांबणार नाही. ते तो करत नाही. लूम वाचवायचं म्हणजे बाकी ब्रँचेसमधली माणसं मेली, सिल्व्हीला मारायचं म्हणजे जुनीच सेक्रेड टाइमलाइन परत आली, त्याला दोन्ही नको होतं. म्हणून तो स्वतः बाहेर चालत जातो, लूम फोडतो आणि मरायला लागलेल्या ब्रँचेस हातात धरतो.

निळीशाई
आणि धरूनच बसतो, हे विसरू नका. सगळे म्हणतात त्याने काळ दुरुस्त केला, त्या ब्रँचेसचं झाड होतं तो शॉट शेअर करतात, यग्द्रसिल म्हणजे नॉर्स पुराणातला विश्ववृक्ष वगैरे, दिसायला सुंदर आहेच, वाद नाही. पण यंत्राच्या जागी तो बसलाय आणि त्याला तिथून उठता येत नाही. ज्याला एकटं राहण्याची सगळ्यात जास्त भीती होती त्यालाच. मोबियस मात्र शेवटी आपल्या मूळ टाइमलाइनवर जाऊन त्या घराकडे लांबून बघत उभा राहतो, त्याला तेवढं करता आलं ते लोकी तिथे बसलाय म्हणून.