काराबाखचं युद्ध कोणी जिंकलं: अझरबैजानच्या फौजेने की तिच्या दोस्तांनी?

तोफखाना (धागाकर्ता)

२७ सप्टेंबर २०२० ला पेटलेलं आर्मेनिया-अझरबैजान युद्ध ४४ दिवसांत आटोपलं. १९९४ च्या युद्धबंदीपासून नागोर्नो-काराबाख (कायद्याने अझरबैजानचा, पण आर्मेनियन वस्तीचा डोंगराळ प्रदेश) आणि भोवतालच्या सात जिल्ह्यांचा बहुतेक भाग आर्मेनियन फौजांकडे होता. ते जिल्हे गेले, वर खुद्द काराबाखमधलं शुशा शहरही गेलं. माझं मत असं की आर्मेनिया मैदानात उतरण्याआधी, दोस्त निवडतानाच हरला होता.

त्यांची सगळी भिस्त रशियावर. आर्मेनियातल्या ग्युमरीला रशियाचा लष्करी तळ, रशियाच्या पुढाकारातल्या सामूहिक सुरक्षा करार संघटनेचं सदस्यत्व, हवाई संरक्षणही रशियन बनावटीचं. आणि हाच रशिया अझरबैजानलाही टी-९० रणगाडे विकत होता! अझरबैजानने मात्र तुर्कस्तानकडून बायराक्तार ड्रोन घेतले, २०२० च्या उन्हाळ्यात त्यांच्याबरोबर मोठ्या कवायती केल्या आणि इस्रायलकडून हारोप, म्हणजे लक्ष्यावर जाऊन आदळणारे ड्रोन, घेतले.

यातली एक चाल सविस्तर सांगतो. शेतात फवारणी करणारी जुनी सोव्हिएत एएन-२ विमानं अझरबैजानने वैमानिकाविना सीमेपार सोडली. दुपंखी, संथ, सहज दिसणारी. त्यांना पाडायला आर्मेनियन हवाई संरक्षणाने रडार सुरू केलं, क्षेपणास्त्र सोडलं, की त्यांची जागा उघडी पडायची. वर घिरट्या घालणारे ड्रोन मग तिथेच तुटून पडायचे. असं युद्ध शिकवणारा दोस्त पाठीशी असणं आणि नुसता करार कपाटात असणं, यात फार फरक आहे.

घाटवाट

साफ असहमत. ड्रोनच्या चित्रफिती सगळ्यांनी पाहिल्या, म्हणून ड्रोननेच युद्ध जिंकलं असं वाटतं. शुशा कसं पडलं ते बघा. शहर कड्यावर आहे, त्या दिवसांत धुकं होतं आणि ड्रोनचा फारसा उपयोग नव्हता. अझरबैजानचे कमांडो हलकी शस्त्रं घेऊन जंगलातून, घळींमधून पायी आले आणि कडा चढून शहरात घुसले. पुढची लढाई गल्ल्यांमधली, अगदी समोरासमोरची. ८ नोव्हेंबरला शहर हातात आल्याचं जाहीर झालं आणि १० तारखेला युद्धबंदी लागू झाली. तो कडा तुर्कस्तानने चढून दिलेला नाही.

शिवाय हारोप काय, बायराक्तार काय, फुकट मिळाले नव्हते. कॅस्पियनच्या तेलाचा पैसा त्यांनी वर्षानुवर्षं फौजेवर ओतला. आर्मेनियाने २०१९ मध्ये रशियाकडून चार सुखोई-३० घेतली आणि युद्धात ती वापरलीच नाहीत. त्या विमानांसाठी क्षेपणास्त्रं घेतलेलीच नव्हती, हे आर्मेनियाचे पंतप्रधान पाशिनियान यांनीच नंतर कबूल केलं. यात दोस्ताचा काय दोष?

कलम चार

'रशियाने दगा दिला' हे २०२० पुरतं तरी मला पटत नाही. सामूहिक सुरक्षा करार आर्मेनियाच्या मान्य सीमांपुरता होता. काराबाख आंतरराष्ट्रीय कायद्याने अझरबैजानचं, आणि आर्मेनियानेही त्याला स्वतंत्र देश म्हणून कधी अधिकृत मान्यता दिली नव्हती. मग रशिया कशाच्या आधारावर उतरणार?

खरा दगा सप्टेंबर २०२२ चा. तेव्हा जेर्मुक शहरावर अझरबैजानचे तोफगोळे पडले, आणि ती निर्विवाद आर्मेनियाची भूमी. आर्मेनियाने कराराच्या चौथ्या कलमाखाली (एका सदस्यावर हल्ला म्हणजे सगळ्यांवर) मदत मागितली. आलं काय, तर पाहणी करायला पथक! त्यानंतर कोण विश्वास ठेवणार? फेब्रुवारी २०२४ मध्ये आर्मेनियाने त्या संघटनेतला सहभाग गोठवल्याचं सांगितलं, ते बरोबरच केलं.

माळरान

इथे अजून एकानेही माणसांचं नाव काढलेलं नाही, याचा मला खरंच त्रास होतो. नव्वदच्या दशकात त्या जिल्ह्यांमधून लाखो अझरबैजानी हाकलले गेले. आगदाम शहर तर अक्षरशः भग्नावशेष होऊन पडलं होतं. मग २०२३ च्या सप्टेंबरात पारडं उलटं फिरलं. आधी नऊ महिने काराबाखला आर्मेनियाशी जोडणारा लाचिनचा रस्ता अझरबैजानने अडवलेला, दुकानं रिकामी. मग अझरबैजानचा एका दिवसाचा हल्ला आणि आठवड्याभरात लाखभर आर्मेनियन घरं सोडून निघाले. २०२० च्या करारानुसार १,९६० रशियन शांतिसैनिक तिथे होते ना? त्यांच्या डोळ्यांदेखत हे झालं. बलाढ्य दोस्त निवडला की लोक सुरक्षित राहतात, हे गृहीतकच मला मान्य नाही.

तोफखाना

@घाटवाट, शुशाच्या शिपायांचं श्रेय मी हिरावत नाही. पण ते शिपाई कड्याच्या पायथ्यापर्यंत पोचले कसे? दक्षिणेची फळी फुटली म्हणून, आणि ती फुटण्याआधी तिथल्या तोफा आणि रणगाडे आकाशातून टिपले गेले होते. @माळरान, तुमचा मुद्दा मला मान्य आहे, आणि त्यातून माझंच म्हणणं पुढे जातं. एकाच पालकावर विसंबलेल्या देशाची माणसं अशी उघड्यावर पडतात.

पाषाण रोड

आपला संबंधही सांगायला हवा. आर्मेनियाने या पराभवानंतर भारताकडून पिनाका हे रॉकेट डागणारं शस्त्र घेतलं. ते पुण्यात, पाषाणच्या डीआरडीओच्या प्रयोगशाळेत घडलेलं. २०२५ च्या ऑपरेशन सिंदूरच्या वेळी तुर्कस्तान आणि अझरबैजान पाकिस्तानच्या बाजूने बोलले, हे आपण पाहिलंच. तेव्हा आपण उघडपणे आर्मेनियाच्या पाठीशी उभं राहावं, असं मला ठामपणे वाटतं.

घाटवाट

शस्त्र विकणं वेगळं आणि पाठीशी उभं राहणं वेगळं. उद्या तिथे पुन्हा गोळीबार झाला तर आपली एक तुकडी तरी जाणार आहे का? नाही. मग येरेवानला, म्हणजे आर्मेनियाच्या सरकारला, खोटी आशा दाखवू नये. त्यांनी ते ओळखलेलं दिसतं: पिनाका आपल्याकडून, रडार फ्रान्सकडून, सीमेवर युरोपीय संघाचे निरीक्षक, आणि ऑगस्ट २०२५ मध्ये वॉशिंग्टनला जाऊन थेट अझरबैजानशीच शांतता कराराच्या मसुद्यावर आद्याक्षरं.