रात्री शेतात ऐकू येणारे रेडिओ-आवाज

प्रश्न: धारणीकडील आमच्या शेतात लांब तारेचा अँटेना आणि अॅम्प्लिफायर लावून हेडफोनवर ऐकले असता, रात्री चटचट आवाजात मधूनच ‘टुईं’ असा सूर येतो, हा व्हिसलर (आकाशातील विजेमुळे उठणारा, शिळेसारखा घसरत जाणारा रेडिओ-सूर) असावा काय?

उत्तर १: बहुधा तो ट्वीक, म्हणजे विजेमुळेच उठणारा पण आखूड सूर, असावा. दूरच्या विजेच्या लहरी जमीन आणि आयनांबर (वातावरणातील उंचावरचा विद्युतभारित थर) यांच्यामध्ये परावर्तित होत येतात, तेव्हा १.७ किलोहर्ट्झच्या आसपासचा भाग सर्वांत मागे पडतो आणि सूर चटकन खाली येतो. व्हिसलर पृथ्वीच्या चुंबकीय क्षेत्ररेषांवरून दुसऱ्या गोलार्धातून येतो, त्यामुळे त्याची शीळ अधिक लांब घसरते. नैनीताल आणि वाराणसी येथे त्याच्या नोंदी झाल्या आहेत. आपल्याकडे, विषुववृत्ताच्या अधिक जवळ, तो विरळाच.

उत्तर २: पंप बंद असला तरी डीपीची (विजेच्या रोहित्राची) ५० हर्ट्झची घरघर येतेच, म्हणून अँटेना खांबांपासून दूर न्यावा. आभाळ गडगडत असल्यास मात्र हा नाद सोडावा.