कुस्कोची अर्ध्या दिवसाची इंका फेरी : आई-बाबांना घेऊन कधी आणि कशी करावी?

भूमी_कोथरूड :

मे महिन्याच्या तिसऱ्या आठवड्यात आई-बाबांना (वय ६३ आणि ६७) घेऊन पेरूला जायचं ठरलंय. लीमाला एक रात्र, दुसऱ्या दिवशी सकाळच्या विमानाने कुस्को. एजंटने जो कार्यक्रम पाठवलाय त्यात कुस्कोला उतरल्याच्याच दुपारी गाइडसोबत 'सिटी टूर' आहे, १ ते साडेसहा, इंकांच्या (स्पॅनिश येण्याआधी इथे राज्य करणाऱ्यांच्या) पाच जागा : कोरिकांचा (सूर्यमंदिर), साक्सायवामान, केंको, पुका पुकारा, ताम्बोमाचाय. दुसऱ्या दिवशी सेक्रेड व्हॅली, तिसऱ्या दिवशी माचू पिक्चू. माचू पिक्चूची तिकिटं काढून झाली आहेत.

बाबांना बीपीची गोळी चालू आहे. दोघंही रोज पर्वती चढतात, गुडघे ठीक आहेत. बाबा स्थापत्य अभियंता, त्यामुळे त्यांना दगडकाम नीट बघायचंय, नुसते फोटो काढून पुढे पळायचं नाही.

उतरल्या दिवशी ही फेरी झेपेल का? साडेपाच तासांत पाच ठिकाणं म्हणजे धावपळ होते का, आणि गाळायचं झालं तर काय गाळावं? टूरच्या पैशात प्रवेशशुल्क धरलेलं नाही असं खाली बारीक अक्षरात लिहिलंय, तर नेमकं कोणतं तिकीट घ्यायचं? ग्रुप टूर बरी की स्वतंत्र गाइड?

सह्याद्री_ते_अँडीज :

भूमीताई, उतरल्या दिवशीची फेरी आधी काढून टाका, बाकीचं त्यानंतर ठरवा.

लीमा समुद्राकाठी, कुस्को ३,४०० मीटरवर. म्हणजे सव्वा तासाच्या विमानप्रवासात माणूस कळसूबाईच्या दुपटीहून जास्त उंचीवर जाऊन पोचतो. तिथे एका श्वासात समुद्रसपाटीच्या मानाने साधारण दोन-तृतीयांशच प्राणवायू मिळतो. विरळ हवेचा त्रास (डोकेदुखी, मळमळ, झोप न लागणं) विमानातून उतरल्या उतरल्या होत नाही, सहा ते बारा तासांनी सुरू होतो. सकाळी दहाला उतरलात तर तो वेळ येतो संध्याकाळी चारपासून पुढे, आणि तुमची फेरी तेव्हा ताम्बोमाचायला, ३,७०० मीटरवर असेल. अंधार पडत आलेला, थंडी वाढलेली आणि बस पुरी भरलेली. दुपारी जेवताना सगळं छान वाटतं म्हणून लोक फसतात.

पर्वतीच्या सरावाचा उपयोग पायऱ्यांसाठी होईल, उंचीसाठी होणार नाही. दमसास वेगळा आणि उंची मानवणं वेगळं. उलट तब्येतीने दणकट माणूस पहिल्या दिवशी भराभर चालतो आणि त्यालाच जास्त त्रास होतो.

यावरचा उपाय सोपा आहे, क्रम उलटा करा. कुस्को विमानतळावरून गाडीने थेट खाली सेक्रेड व्हॅलीत, उरुबाम्बा किंवा ओयांतायताम्बोला जा (दोन्ही २,८०० ते २,९०० मीटर, दीड-दोन तास). वाटेत चिंचेरो लागतं, ते कुस्कोपेक्षाही उंच आहे. ड्रायव्हर तिथे थांबू का विचारेल, त्या दिवशी नको म्हणा. दोन रात्री खालीच राहा. दुसऱ्या दिवशी ओयांतायताम्बो सावकाश बघा. तिसऱ्या दिवशी तिथूनच रेल्वेने माचू पिक्चू (२,४३० मीटर). रात्री मुक्कामाला कुस्को, आणि चौथ्या दिवशी सकाळी तुमची ही इंका फेरी. माचू पिक्चूची तारीख हलत नाही, फक्त शेवटी एक दिवस वाढतो. हॉटेलांची अदलाबदल तेवढी करावी लागेल.

पहिले दोन दिवस पाणी भरपूर प्या, रात्रीचं जेवण हलकं ठेवा, दारू अजिबात नको. अ‍ॅसिटाझोलामाइड (डायमॉक्स) साधारणपणे १२५ मिलिग्रॅम दिवसातून दोनदा, उंचीवर जायच्या आदल्या दिवसापासून देतात. पण बाबांच्या बीपीच्या गोळीत लघवी वाढवणारं औषध असेल तर दोन्ही मिळून क्षार कमी होऊ शकतात, आणि सल्फाची अ‍ॅलर्जी असणाऱ्यांच्या बाबतीत हे औषध विचारपूर्वकच द्यावं लागतं. निघायच्या महिनाभर आधी डॉक्टरांना दोन्ही गोळ्या दाखवा, परस्पर दुकानातून घेऊ नका. आणि एक गोष्ट पक्की लक्षात ठेवा : चालताना झोक जाणं, बोलण्यात गोंधळ, किंवा बसल्या जागी धाप लागणं यांपैकी काहीही दिसलं तर सकाळपर्यंत वाट पाहायची नाही. लगेच डॉक्टर बोलवायचा आणि खाली उतरायचं.

तिकीटखिडकी :

तिकिटांचा गोंधळ सगळ्यांचाच होतो, म्हणून सविस्तर लिहितो.

साक्सायवामान, केंको, पुका पुकारा आणि ताम्बोमाचाय या चारही ठिकाणी सुटं तिकीट मिळत नाही. 'बोलेतो तुरिस्तिको' नावाचं एकत्रित तिकीट घ्यावं लागतं. परदेशी प्रौढांसाठी पूर्ण तिकीट १३० सोलचं (सोल म्हणजे पेरूचं चलन), १६ ठिकाणं, १० दिवस चालतं. अर्धं तिकीट ७० सोलचं : पहिल्या सर्किटात (ठिकाणांच्या गटात) वरची चार ठिकाणं, आणि ते एकाच दिवसापुरतं. खोऱ्यातलं सर्किट वेगळं, त्यात पिसाक, ओयांतायताम्बो, चिंचेरो आणि मोराय, दोन दिवस चालतं. दर अधूनमधून बदलतात, निघण्यापूर्वी एकदा पाहून घ्या.

वर सुचवलेला क्रम धरला तर तुम्हाला ओयांतायताम्बोही बघायचंय आणि कुस्कोची चार ठिकाणंही. दोन अर्धी तिकिटं घेतलीत तर १४० होतात, म्हणून पहिल्याच ठिकाणी पूर्ण तिकीट घेऊन टाका. त्यावर नाव लिहितात आणि प्रत्येक ठिकाणी भोक पाडतात. चुरगळू नका, हरवलं तर पुन्हा विकत घ्यावं लागतं. खिडकीवर रोख सोल लागतील असं धरूनच चला. डॉलर बदलायचे असतील तर नोटा कोऱ्या असू द्या, कोपरा फाटलेली नोट कोणी घेत नाही.

कोरिकांचा या तिकिटात नाही! घोळ असा की त्याच आवाराखालचं छोटं वस्तुसंग्रहालय बोलेतोत आहे, त्यामुळे लोक तिथे जाऊन 'कोरिकांचा पाहिलं' समजतात. इंका भिंती आहेत त्या वर, सांतो दोमिंगोच्या मठात, आणि त्याचं तिकीट मठाच्या दारावर वेगळं मिळतं. मारासची मिठागरंही बोलेतोत नाहीत.

एजंटला लेखी विचारा : बोलेतो आणि कोरिकांचा धरलंय का, गाइड फक्त इंग्रजीत बोलणार की स्पॅनिश-इंग्रजी दोन्ही, बसमध्ये किती माणसं, आणि दुकानांचे थांबे किती. हे शेवटचं महत्त्वाचं. अल्पाकाच्या लोकरीचं दुकान ग्रुप टूरमध्ये असतंच, आणि तिथे गेलेला अर्धा तास साक्सायवामानच्या वाट्यातून जातो.

माचू पिक्चूच्या तिकिटावर कोणतं सर्किट (आत फिरायचा ठरलेला मार्ग) आहे तेही आत्ताच बघा. दुसऱ्या सर्किटात सर्वांत जास्त बघायला मिळतं. तिसरं खालच्या बाजूचं, चढ कमी, पण वरून दिसणारं ते प्रसिद्ध दृश्य त्यात मिळत नाही. पहिलं मुख्यतः वरच्या दृश्यासाठी. वाट एकदिशा आहे, मागे फिरता येत नाही. स्वच्छतागृह फक्त फाटकाबाहेर आहे, हे आई-बाबांना आधीच सांगून ठेवा. तिकिटावरचा पासपोर्ट क्रमांक आणि मूळ पासपोर्ट जुळला पाहिजे, झेरॉक्स चालत नाही. ४० × ३५ × २० सेंटीमीटरपेक्षा मोठी पिशवी आत नेता येत नाही. काठी नेणार असाल तर टोकाला रबर हवं.

घडीव_दगड :

बाबा स्थापत्य अभियंता आहेत म्हटल्यावर ग्रुप टूर घेऊ नका. अर्ध्या दिवसासाठी अधिकृत ओळखपत्र असलेला गाइड आणि एक गाडी, एवढं पुरेल. तिघांत खर्च विभागला जातो आणि वेळ आपल्या हातात राहतो.

ग्रुपच्या बसेस दुपारी निघून खालून वर जातात. तुम्ही सकाळी सातला वरून सुरुवात करा. गाडीने थेट ताम्बोमाचाय, कुस्कोपासून ८ किलोमीटर. फाटकापासून आत हलका चढ आहे, दहा-पंधरा मिनिटं धरा. तिथे झऱ्याचं पाणी दगडी पायऱ्या-पायऱ्यांच्या भिंतींतून पन्हाळीने खाली आणलंय. कात्रजच्या तलावातून शनिवारवाड्यापर्यंत पाणी आणणाऱ्या शहरातल्या माणसाला ते बघायला नक्की आवडेल. अर्धा तास. पुका पुकारा रस्त्याच्या पलीकडेच, १५ मिनिटं पुरतात. वेळ कमी पडला तर हेच गाळा. मग गाडीने पाचेक किलोमीटर खाली केंको : एकाच चुनखडकाच्या उंचवट्यात कोरलेल्या पायऱ्या, नागमोडी खोबणी आणि आत गुहेत दगडातच घडवलेला ओटा. बांधकाम आणि कोरीवकाम यांतला फरक बाबांना पाताळेश्वरामुळे माहीत असेलच. २५ मिनिटं.

उरलेला सगळा वेळ, किमान दीड तास, साक्सायवामानला द्या. तीन नागमोडी तटबंद्या एकावर एक, सुमारे ४०० मीटर लांबीच्या, आणि सर्वांत मोठ्या दगडांचं वजन शंभर टनांच्या वर जातं असा अंदाज आहे. चुना नाही, माती नाही. आपल्याकडे हेमाडपंती देवळांत, भुलेश्वराला वगैरे, दगड खाचांनी एकमेकांत बसवलेले असतात, पण तिथे थर बहुतेक आडवे आणि सरळ. इथे प्रत्येक दगड शेजाऱ्याच्या आकाराप्रमाणे घडवलाय, त्यामुळे भिंतभर सलग आडवा सांधा कुठेच नाही. भूकंपात तडा आडव्या रेषेत धावायला वाट मिळत नाही. शिवाय भिंती आतल्या बाजूला कललेल्या आहेत. बाबांना गाइडकडून हा कल मोजून घेऊ दे, मोबाइलमधल्या लेव्हलने पाच मिनिटांचं काम.

जवळून काय बघायचं ते सांगतो. एखाद्या दगडाच्या मध्यावर हात न लावता तिरप्या उजेडात बघा : सुपारीएवढे उथळ खळगे दिसतील. तीच नजर सांध्याकडे न्या, खळगे बारीक बारीक होत जातात, कडेला मुगाएवढे. लोखंडी छिन्नी नव्हती. टणक गोट्यांनी ठोकून दगड घडवायचे, मधे मोठा गोटा, कडेला छोटा. काही दगडांना खालच्या अंगाला बोंडासारखे उंचवटे ठेवलेत, ते पहारीने उचलताना आधार म्हणून असावेत असं मानतात. सकाळी नऊ-साडेनऊपर्यंत किंवा दुपारी साडेतीननंतर सावल्या लांब असतात तेव्हा हे सगळं उठून दिसतं. भर दुपारी तीच भिंत सपाट वाटते. म्हणूनसुद्धा सकाळ.

वरच्या टेकाडावर मुयुकमार्का बुरुजाचा गोल पाया आहे. १५३६ साली इंका राजा मांको इंकाने स्पॅनिशांना वेढा घातला तेव्हाची मोठी लढाई याच जागी झाली, स्पॅनिश सरदार हुआन पिझारो इथेच प्राणघातक जखमी झाला. नंतर शहरातली चर्चं आणि घरं बांधायला स्पॅनिशांनी इथले हलवता येण्यासारखे दगड उचलून नेले. जे हलले नाहीत ते आपण बघतो.

कोरिकांचा शेवटी, शहरात उतरल्यावर. तिथला दगड अँडेसाइट (ज्वालामुखीचा खडक), थर आडवे आणि सांधे जवळजवळ न दिसणारे. साक्सायवामानच्या चुनखडकानंतर लगेच बघितलं की दोन्हींतला फरक समजतो. १९५० च्या भूकंपात वरच्या मठाची मोठी पडझड झाली आणि आतल्या इंका भिंती मोकळ्या झाल्या. दारं-कोनाडे वर निमुळते आहेत, तेही मोजण्यासारखे.

कोणी गाइड 'दगड वितळवून ओतले' किंवा 'परग्रहवासी' सुरू झाला तर त्याला ओयांतायताम्बोबद्दल विचारा. तिथे सूर्यमंदिराच्या सहा गुलाबी शिळा नदीपलीकडच्या काचिकाता खाणीतून आणल्यात, आणि वाटेत सोडून दिलेले अर्धवट घडवलेले दगड आजही पडून आहेत. काम कसं चालायचं ते त्या दगडांवर स्पष्ट दिसतं.

भूमी_कोथरूड :

खूप खूप आभार सगळ्यांचे. एजंटला क्रम बदलायला सांगितलंय, हॉटेलं बदलता येताहेत. आणखी दोन गोष्टी : यलो फीव्हरची लस कुस्कोसाठी लागत नाही असं तो म्हणतो, ते बरोबर का? आणि आम्ही तिघंही पूर्ण शाकाहारी. कोकाच्या पानांचा चहा घ्यावा का?

सह्याद्री_ते_अँडीज :

कुस्को आणि माचू पिक्चूच्या उंचीवर ती लस लागत नाही हे खरं, पण तुमची अडचण परत येताना होईल. भारताच्या यादीत पेरू यलो फीव्हरचा देश आहे. तिथून निघाल्यापासून सहा दिवसांच्या आत भारतात उतरलात तर लसीचं प्रमाणपत्र मागतात, आणि नसेल तर विलगीकरणात ठेवू शकतात. प्रमाणपत्र टोचून घेतल्यापासून दहा दिवसांनी लागू होतं, मग आयुष्यभर चालतं. केंद्र सरकारने मान्यता दिलेल्या केंद्रातच घ्या, दुसरीकडचं ग्राह्य धरत नाहीत. साठीच्या पुढच्यांना या लसीचे गंभीर दुष्परिणाम होण्याचा धोका वाढतो, त्यामुळे आई-बाबांच्या बाबतीत डायमॉक्सच्याच भेटीत हाही प्रश्न डॉक्टरांपुढे ठेवा. आत्ताच, मे उजाडायची वाट बघू नका.

व्हिसाही बघून ठेवा. अमेरिका, ब्रिटन, कॅनडा, ऑस्ट्रेलिया किंवा शेंगेनचा (युरोपातल्या देशांचा सामायिक) किमान सहा महिने मुदत उरलेला व्हिसा असेल तर भारतीयांना पेरूचा वेगळा लागत नाही. तिघांचाही तपासा, एकाचा संपत आलेला असतो.

कोकाचा चहा हॉटेलात देतात, प्यायला हरकत नाही, पण त्याच्या भरवशावर बाकीची काळजी सोडू नका. पानं किंवा चहाच्या पुड्या आठवण म्हणूनही बॅगेत टाकू नका. कोकाची पानं भारतात अमली पदार्थांच्या कायद्यात येतात, वाटेतल्या बऱ्याच विमानतळांवरही तेच.

जेवणात नुसतं 'शाकाहारी' म्हटलं तर कोंबडी चालते असं समजतात. 'सिन कार्ने, सिन पोयो, सिन पेस्कादो' म्हणजे मांस, कोंबडी, मासे नको, असं तिन्ही सांगा. आणि सूप मागवताना 'काल्दो दे वेर्दुरास?' (भाज्यांच्या पाण्यातलं का?) विचारा, कारण किन्वाचं सूपही बऱ्याचदा मांसाच्या पाण्यात शिजवलेलं असतं.

घडीव_दगड :

मेमध्ये पहाटे तिथे कडाक्याची थंडी असते आणि दहापर्यंत ऊन चटके देतं. सातला निघताना लोकरी टोपी आणि अंगावर तीन थर, सगळे काढता येतील असे. उन्हाच्या टोपीला हनुवटीखाली बंद हवा, साक्सायवामानच्या मोकळ्या मैदानावर वारा जोरात असतो.