लाइट लावली की पेट्रोल आणि टेंपरेचर दोन्ही काटे वर चढतात. मीटर बदलू की वायरिंग तपासू?

पर्वतीपायथा

गाडी १९९६ची, कार्ब्युरेटरवाली हॅचबॅक, स्पीडोमीटर केबलवर चालणारं. लाइट बंद असताना दोन्ही काटे बरोबर असतात. पार्किंग लाइट लावली की पेट्रोलचा काटा अर्ध्यावरून पाऊण टाकीवर जातो आणि टेंपरेचरचाही बोटभर चढतो. मीटरमधला उजेड मंद आहे, इंडिकेटर दिला की त्याच तालात तो कमीजास्त होतो. हेडलाइट लावली तर इंजिन चालू असतानाही चार्जिंगचा लाल दिवा मिणमिणतो, तोही फक्त अंधारात दिसेल इतकाच.

फ्यूज सगळे शाबूत आहेत, बॅटरी आठ महिन्यांची आहे. अख्खं मीटर बदला, असा सल्ला मिळाला आहे. जवळ डिजिटल मल्टिमीटर, २५ वॅटचं सोल्डरिंग आयर्न आणि साधे पाने आहेत. घरी करण्यासारखं काम आहे का? सुरुवात कुठून करू?

---

हडपसर_ऑटोइलेक्ट्रिक

मीटर बदलू नका. दोन काटे एकाच वेळी, एकाच दिशेला चुकतात तेव्हा दोन गेज एकदम बिघडलेले नसतात. दोघांचं जे सामाईक आहे ते बिघडलेलं असतं. सामाईक गोष्टी तीन: इग्निशनची लाइन, मीटरमधला व्होल्टेज स्टॅबिलायझर आणि अर्थ (करंट बॅटरीच्या निगेटिव्हकडे परत जायची वाट). लाइट लावल्यावर फरक पडतो, उजेड मंद आहे आणि तो इंडिकेटरच्या तालावर हलतो, म्हणजे संशय अर्थवरच.

असं का होतं ते आधी समजून घ्या, मग तपासताना अंदाजपंचे होणार नाही. या काळातल्या बहुतेक गेजमध्ये बायमेटलची, म्हणजे दोन धातू जोडून केलेली, पट्टी असते. पट्टीवरच्या वेटोळ्यातून करंट गेला की ती तापून वाकते आणि काटा सरकवते. बॅटरीचं व्होल्टेज वरखाली झालं तरी काटा हलू नये म्हणून गेजना स्टॅबिलायझरमधून ठरावीक व्होल्टेज मिळतं. जुना स्टॅबिलायझर स्वतःही बायमेटलचाच: तापला की संपर्क तोडतो, गार झाला की जोडतो, आणि त्या चालूबंदमधून सरासरी साधतो. त्याचं तापणं त्याच्या अर्थवर अवलंबून. अर्थ कमजोर झाली की तो कमी तापतो, संपर्क जास्त वेळ जोडलेला राहतो, गेजना जास्त व्होल्टेज मिळतं आणि दोन्ही काटे वर जातात.

आता लाइटचा संबंध. मीटरमध्ये ३ वॅटचे चार बल्ब धरले तर १२ वॅट, म्हणजे साधारण १ अँपिअर. हा करंट त्याच अर्थमधून परत जातो. तिथे गंजामुळे १ ओहम जरी रोध आला तरी अख्ख्या मीटरची अर्थ १ व्होल्ट वर उचलली जाते. इंडिकेटरचा बल्ब पेटतो तेव्हा आणखी पाव अँपिअर वाढतो, म्हणून उजेड त्या तालावर हलतो.

ओहमवर मोजू नका. वायरच्या सोळा तारांपैकी एकच शिल्लक असली तरी मल्टिमीटर शून्य ओहम दाखवतो, कारण तो मोजायला नगण्य करंट सोडतो. लोड चालू ठेवून व्होल्टेज ड्रॉप, म्हणजे वाटेत गळणारं व्होल्टेज, मोजा. मल्टिमीटर डीसी व्होल्टवर, काळं टोक थेट बॅटरीच्या निगेटिव्हवर, लाल टोक मीटरच्या कपलरच्या (वायरींच्या प्लगच्या) मागून अर्थच्या पिनवर. इंजिन चालू, लाइट चालू. ०.१ व्होल्टच्या आत असेल तर ठीक. ०.२च्या वर गेला तर साफसफाई हवी. १ व्होल्ट दिसला तर दोष सापडला. हेच मग मीटरच्या पाठीवरच्या तांब्याच्या लवचिक पट्टीवर (वायरींऐवजी तिच्यावरच्या ट्रॅकमधून करंट जातो), अर्थच्या स्क्रूपाशी मोजा. दोन आकड्यांमधला फरक सांगेल की दोष वायरमध्ये आहे की कपलर आणि पट्टीच्या मध्ये.

---

टीप_साफ_ठेवा

वरच्या प्रतिसादाला जोडून, मीटर काढण्याबद्दल.

आधी १० नंबरच्या पान्ह्याने बॅटरीचा निगेटिव्ह सोडवा. मग मीटरच्या भोवतीच्या चौकटीचे स्क्रू काढा. जुन्या प्लॅस्टिकमध्ये एखादा स्क्रू वरच्या कडेला लपलेला असतो. चौकट सहज येत नसेल तर ओढू नका, स्क्रू शोधा. मीटर दोनतीन इंच पुढे आलं की मागे हात घालून केबलचं लॉक दाबा. केबलला ढील नसेल तर बोनेटच्या बाजूने फायरवॉलच्या रबरातून ती थोडी आत ढकला. जोरात मीटर ओढलं की केबलचं प्लॅस्टिक बोंड तुटतं, आणि ते सुटं सहसा मिळत नाही. कपलर काढताना त्याच्या प्लॅस्टिकला धरा, वायरींना नाही. प्रत्येक टप्प्याला मोबाइलवर फोटो घ्या. वायरींच्या रंगांवर विसंबू नका, इतक्या वर्षांत मध्येच कोणीतरी वेगळ्या रंगाचा तुकडा जोडलेला असतोच.

ड्रॉप मोजताना मीटर पुढे ओढलेलं, कपलर मात्र जोडलेले, आणि बॅटरी पुन्हा लावलेली असेल. मीटर आणि स्टिअरिंग कॉलमच्या मध्ये जाड कापड टाका.

मागची तांब्याची लवचिक पट्टी हा या मीटरचा सगळ्यांत नाजूक भाग. ती पॉलिस्टरच्या पातळ पत्र्यावर असते. सोल्डरिंग आयर्न टेकवलं की तांब्याला डाग बसायच्या आधी पत्रा आकसतो आणि ट्रॅक उचलला जातो. एखादा ट्रॅक तुटला तर त्यावर सोल्डर करू नका. बल्बचा होल्डर किंवा गेजचा नट जिथे पट्टीवर दाबला जातो, तिथे पातळ वायरीचं रिंग थिंबल (टोकाची धातूची कडी) नटाखाली दाबून बसवा आणि दुसरं टोक पुढच्या नटाखाली. बल्बच्या होल्डरपाशी तांब्याची चिकट पट्टी लावता येते, फक्त तिचा गोंद सहसा वीज वाहून नेत नाही हे लक्षात ठेवा. होल्डरची पितळी पट्टी तांब्याच्या वरच्या बाजूवरच टेकली पाहिजे.

काळवंडलेले पॅड खोडरबराने घासा. पॉलिश पेपर नको, तांबं फार पातळ आहे. नंतर आयसोप्रोपिल अल्कोहोलचा बोळा फिरवा. पेट्रोल किंवा थिनर डायलवर उडालं तर आकडे पुसले जातात, काच पांढरी पडते.

सगळे बल्ब तपासूनच परत बसवा. मूळ ३ वॅटच्या जागी त्याच आकाराचा ५ वॅटचा सहज बसतो, उजेडही वाढतो, पण होल्डर आणि डायल भाजून निघतात.

---

हडपसर_ऑटोइलेक्ट्रिक

खोडरबराचं अगदी बरोबर. आणि अर्थची नवी वायर टाकायची वेळ आली तर १.५ चौरस मिलिमीटरची काळी ऑटो केबल घ्या, घरगुती वायरिंगची नको. डॅशच्या मागे बॉडीला थेट वेल्ड झालेला एम-६ बोल्ट शोधा, त्याखालचा रंग पत्रा चमकेपर्यंत खरवडा, रिंग थिंबल आणि दातेरी वॉशर लावून घट्ट करा. व्हॅसलीन नंतर वरून लावा, आधी नाही. थिंबल पकडीने चेपू नका, क्रिंपिंगच्या अवजाराने दाबा. काळ्या पीव्हीसी टेपऐवजी हार्नेसचा कापडी टेप वापरा. मे महिन्यात काचेखाली डॅश इतका तापतो की पीव्हीसीचा गोंद पातळ होऊन टेप उलगडतो.

---

सिंहगड_रोड_१४व्होल्ट

अर्थचं निदान पटलं, पण चार्जिंगचा दिवा त्यात बसत नाही. तो वेगळा दोष आहे, आणि दोन्हींत तोच जास्त काळजीचा.

तो दिवा अर्थला जोडलेलाच नसतो. त्याचं एक टोक इग्निशनच्या लाइनवर आणि दुसरं अल्टरनेटरच्या (इंजिनवर फिरून बॅटरी चार्ज करणाऱ्या यंत्राच्या) एल टर्मिनलवर. चावी फिरवली की करंट दिव्यातून अल्टरनेटरकडे जातो, दिवा पेटतो आणि फील्डला (अल्टरनेटरच्या चुंबकाच्या वेटोळ्याला) सुरुवातीचा करंट मिळतो. इंजिन चालू झालं की एल टर्मिनल १४ व्होल्टच्या आसपास येतं, दोन्ही टोकं समान होतात आणि दिवा विझतो. चालू इंजिनवर तो मिणमिणतो याचा अर्थ दोन टोकांत फरक आहे. अल्टरनेटर १४ देतोय आणि मीटरपर्यंत १२ पोचताहेत, असं असेल तर करंट उलट्या दिशेने दिव्यातून जातो. हेडलाइट लावल्यावरच होतं, म्हणजे अल्टरनेटर ते फ्यूजबॉक्सच्या मुख्य लाइनमध्ये कुठेतरी ड्रॉप आहे.

इंजिन चालू, हेडलाइट चालू. लाल टोक अल्टरनेटरच्या बी-प्लसवर (वीज बाहेर पडते त्या मुख्य टर्मिनलवर), काळं टोक फ्यूजबॉक्सच्या आत येणाऱ्या जाड वायरीवर. ०.३ व्होल्टच्या आत हवं. मग काळं टोक मीटरच्या कपलरमधल्या इग्निशनच्या पिनवर नेऊन मोजा. तिथला वाढीव ड्रॉप इग्निशन स्विचचा. पंख्याच्या पट्ट्याजवळ हात जातो, म्हणून मोजणीच्या वायरी इंजिन बंद असतानाच क्लिपने लावा आणि बाही वर करा.

ड्रॉप दोन्हीकडे नगण्य निघाला तर अल्टरनेटरच्या डायोडकडे (एसीचं डीसी करणाऱ्या भागांकडे) वळा. मल्टिमीटर एसी व्होल्टवर ठेवून बॅटरीच्या टोकांवर मोजा. अर्ध्या व्होल्टहून जास्त एसी दिसला तर डायोड संशयास्पद.

---

आंबेगावकर

याच धाग्यात विचारतो. मीटर उघडलंच आहे तर सगळे बल्ब एलईडी केले तर चालतील का?

---

सिंहगड_रोड_१४व्होल्ट

उजेडासाठी चालतील, तीन गोष्टी सांभाळा. पेटला नाही तर होल्डर अर्धा फेरा फिरवून बसवा, एलईडीला दिशा असते. उजेड कमीजास्त करायचं बटण नीट काम करणार नाही, त्याचा हिशोब साध्या बल्बच्या करंटवर केलेला असतो. आणि डाव्या-उजव्या इंडिकेटरसाठी मीटरमध्ये एकच दिवा असेल तर तो दोन्ही लाइनींच्या मध्ये जोडलेला असतो, त्यामुळे साधा एलईडी एकाच बाजूला पेटेल.

चार्जिंगच्या दिव्याच्या जागी नुसता एलईडी कधीच नको. त्यातून जेमतेम १०-२० मिलिअँपिअर जातात, तेवढ्यावर फील्ड उभं राहत नाही आणि जोरात रेस केल्याशिवाय चार्जिंग सुरू होत नाही. हवाच असेल तर समांतर ४७ ओहम, ५ वॅटचा रेझिस्टर टाका. त्यातून पाव अँपिअर जातो, म्हणजे ३ वॅटच्या बल्बइतकाच. तो तापतो, पट्टीला टेकू देऊ नका. माझं मत विचाराल तर तिथे साधा बल्बच ठेवा.

---

पर्वतीपायथा

सगळ्यांचे आभार. सांगितल्याप्रमाणे मोजलं, आकडे असे:

अर्थ, कपलरच्या वायरीवर: ०.०६ व्होल्ट. मीटरच्या पट्टीवर अर्थच्या स्क्रूपाशी: १.३ व्होल्ट.
बी-प्लस ते फ्यूजबॉक्स: १.१ व्होल्ट. बी-प्लस ते मीटरची इग्निशन पिन: १.९ व्होल्ट.
बॅटरीवर एसी: ०.०४.

पट्टीवर कपलरची अर्थची पिन जिथे टेकते तो पॅड काळा पडला आहे. खोडरबराने घासल्यावर तिथे तांबं उरलेलंच नाही. शिवाय टाकी रिकामी होत आली तरी काटा पाव टाकी दाखवतो, हे आधी लिहायचं राहिलं.

---

हडपसर_ऑटोइलेक्ट्रिक

आकडे छान मोजलेत. डायोड ठीक आहेत. अर्थची वायर निर्दोष, पॅड जळालेला. म्हणून नवी वायर बॉडीपर्यंत न्यायची गरज नाही. कपलरपासून दोन इंचांवर अर्थच्या वायरीचं इन्शुलेशन एक सेंटिमीटर सोला, वायर तोडू नका. त्यावर १ चौरस मिलिमीटरची काळी वायर गुंडाळून सोल्डर करा, वर कापडी टेप लावा. दुसऱ्या टोकाला रिंग थिंबल लावून ते पट्टीवरच्या अर्थच्या स्क्रूखाली द्या. मीटर पुन्हा काढता यावं म्हणून मध्ये एक पिनचा कपलर ठेवा. पुण्यात नाना पेठेत ऑटो इलेक्ट्रिकच्या दुकानांत थिंबल, केबल, कपलर सुटे मिळतात. अल्कोहोल, रोझिनचा फ्लक्स, रेझिस्टर यांसाठी तापकीर गल्ली किंवा पासोड्या विठोबाजवळची दुकानं. आम्लाचा फ्लक्स कोणी दिला तर घेऊ नका, तो तारांच्या आत राहून वर्षभरात तांबं खातो.

यानंतर लाइट लावूनही काटे स्थिर राहिले तर स्टॅबिलायझरला हात लावू नका. तरीही हलले तर नवा टाकण्याआधी मूळ सरासरी व्होल्टेज शोधा. काहींत १० व्होल्ट असतात, तिथे ७८१० आयसी (ठरावीक १० व्होल्ट देणारी) चालते. जपानी धाटणीच्या बऱ्याच मीटरमध्ये स्टॅबिलायझर पेट्रोल गेजच्याच पोटात असतो आणि तो ७ व्होल्टच्या आसपासचा, तिथे १० दिले तर काटे कायम वर राहतील.

---

सिंहगड_रोड_१४व्होल्ट

१.१ व्होल्टचा ड्रॉप आजच पाहा. हेडलाइटसह साधारण १२ अँपिअर धरले तर त्या सांध्यात १३ वॅट उष्णता तयार होते, म्हणजे शेंगदाण्याएवढ्या जागी अर्ध्याहून अधिक सोल्डरिंग आयर्न. बॅटरीजवळच्या मुख्य फ्यूजचा कपलर बघा, प्लॅस्टिक तपकिरी पडलेलं असेल. आधी निगेटिव्ह काढा, मग तो भाग कापून नवं टर्मिनल क्रिंप करा. फ्यूजिबल लिंकच्या (जास्त करंटला वितळणाऱ्या मुख्य फ्यूजच्या) जागी साधी वायर कधीही घालू नका, त्याच रेटिंगचीच घ्या. उरलेला ०.८ इग्निशन स्विचचा. तो गरम लागत असेल तर स्विचची मागची इलेक्ट्रिक बाजू बदला, चावीचं कुलूप तेच राहतं.

---

टीप_साफ_ठेवा

पाव टाकीचा प्रश्न वरची दोन्ही कामं झाल्यावर पुन्हा तपासा, अर्थमुळे तोही बदलू शकतो. तरीही राहिला तर टाकीवरच्या युनिटची (फ्लोटने पेट्रोलची पातळी मोजणाऱ्या भागाची) वायर काढा. इग्निशन चालू असताना काटा रिकाम्या खुणेच्या खाली गेला तर गेज निर्दोष. मग तीच वायर ३ वॅटच्या टेस्ट लॅम्पमधून अर्थला द्या, काटा भरलेल्या बाजूला चढायला हवा. थेट अर्थ देऊन धरून ठेवू नका, बायमेटलचं वेटोळं जळतं.

गेज ठीक निघालं तर युनिटचा रोध मोजा. फ्लोट वरून खाली नेताना ओहम सलग बदलले पाहिजेत, मध्येच उडी मारली तर आतली घासपट्टी झिजलेली आहे. बदल सलग असूनही तळाशी पाव दाखवत असेल तर फ्लोटचा दांडा अडतोय किंवा वाकलेला आहे. टाकी उघडताना बॅटरी सुटी, गाडी मोकळ्या हवेत, आणि नवं रबर गॅस्केट आधीच आणून ठेवलेलं असावं. जुनं एकदा काढलं की फुगतं आणि परत खाचेत बसत नाही.