मदत हवी आहे: १९१८ च्या मूक कार्टूनचा खरा वेग कसा ओळखायचा?

नमस्कार मंडळी,

अर्ल हर्ड यांच्या 'बॉबी बम्प्स' मालिकेतला १९१८ चा एक मूक कार्टूनपट वाचनालयात मुलांना दाखवायचा आहे. उचापती बॉबी आणि त्याचा कुत्रा फिडो मुलांना आवडतीलच. पण माझ्याकडची प्रत सेकंदाला २४ फ्रेमने (फ्रेम म्हणजे फिल्मवरचं एकेक स्थिर चित्र) चालते आणि सगळेच धावत सुटल्यासारखे दिसतात. फुग्यातला संवाद मराठीत वाचून दाखवेपर्यंत फुगा गायब!

मूकपटांना एकच ठरलेला वेग नसे, हे माहीत आहे. म्हणून व्हीएलसी या व्हिडिओ प्लेअरमध्ये वेग ०.६७ पट केला, म्हणजे सेकंदाला साधारण १६ फ्रेम. बॉबी बरा वाटला, पण चित्रकाराचा खरा हात पडद्यावर येतो तिथे तो फारच संथ झाला. एडिटिंग सॉफ्टवेअरने वेग कमी केला तर रेषा दुहेरी दिसायला लागल्या.

मग एकेक फ्रेम पुढे सरकवून पाहिली. बरीच चित्रे सलग दोन-तीनदा येतात, आणि माझं घोडं इथेच अडलंय. कार्टूनमध्ये एकच चित्र दोन फ्रेम टिपायची पद्धत आहेच. पण डिजिटल प्रत करताना वेग जुळवायलाही जादा फ्रेम भरतात. तसं असेल तर वेग आधीच दुरुस्त झालेला असणार, आणि मी तो उगाच बिघडवतोय.

प्रत मूकच आहे, त्यामुळे आवाजाचा प्रश्न नाही. लॅपटॉप जुना, सॉफ्टवेअर फुकटचं हवं. दुसरी प्रतही याच वेगाची निघाली.

मूळ फिल्मवर दोनदा टिपलेलं चित्र आणि नंतर भरलेली फ्रेम, यांतला फरक नेमका कशावरून ओळखायचा?