शिल्प मेदिचींचे, अर्थ नागरिकांचा
प्रबोधनकाळातील इटलीत शिल्पाचा राजकीय अर्थ ते घडवून घेणारा धनिकच ठरवत असे, असे एक मत मांडले जाते; ते मला अर्धेच पटते. शिल्पकार दोनातेल्लोचे ‘ज्युडिथ आणि होलोफर्निस’ हे कांस्यशिल्प फ्लॉरेन्स या इटालियन नगरातील मेदिची घराण्याच्या वाड्याच्या बागेत होते आणि होलोफर्निस या शत्रूच्या सेनापतीचा शिरच्छेद करणाऱ्या बायबलकथेतील ज्युडिथच्या रूपाने हे सावकार घराणे नगराच्या स्वातंत्र्याचे रक्षक म्हणून मिरवत होते. मात्र १४९४ मध्ये मेदिचींना हद्दपार केल्यावर तेच शिल्प १४९५ मध्ये नगरशासनाच्या प्रासादासमोर उभे राहिले आणि लोककल्याणाचे उदाहरण म्हणून नागरिकांनी ते स्थापिले, असा लॅटिन लेख त्यावर कोरला गेला. मूर्ती तीच राहिली, पण होलोफर्निसच्या जागी आता खुद्द मेदिचीच दिसू लागले! पुढे १५०४ मध्ये तिची जागा मायकेलँजेलोच्या ‘डेव्हिड’ या पुतळ्याने घेतली. तो तर कोणा घराण्याच्या वाड्यासाठी नव्हे, नगराच्या कॅथेड्रलसाठी घडवलेला होता.